धुरपदाबाई आणि खोटं फर्मान

भोगलवाडीची धुरपदाबाई रागीट होती, हे गावातलं कोणीही सांगितलं असतं. पण ती कोणावर रागावलेली असायची, हे मात्र कोणी मोकळेपणी सांगायचं नाही. कारण तिच्या रागाचे निम्मे धनी चीन देशातले होते, आणि त्यांना मरून दोन-दोन हजार वर्षं झाली होती. उरलेले निम्मे गावातच होते, जिवंत, पारावर बसून पान चघळणारे.

परभणीकडच्या बोरीपासून दोन कोस आत गेलं आणि ओढा ओलांडला की भोगलवाडी. धुरपदाबाईचा नवरा भुजंग लिंबाजी हा व्यंकटराव देशमुखांचं ओढ्याकाठचं रान कुळानं कसायचा. त्याच्या आधी त्याच्या बापानं कसलं होतं. निजामाचं राज्य गेलं, पाठोपाठ कूळ कायदा आला, आणि भुजंगाचं नाव सरकारी यादीत चढलं. आता या रानातून आपल्याला कोणी उठवू शकत नाही, असं पटवाऱ्यानं सांगितलं तेव्हा भुजंग घरी येऊन नुसता हसत बसला होता. चौपन्न सालच्या पौषात काविळीनं तो गेला. एकच लेक, दैवशाला. ती पाथरीकडं दिलेली. घरात धुरपदाबाई एकटी राहिली आणि रान तिनं सोडलं नाही. पेरणीला भावकीतला माणूस मागायची, खुरपण-कापणी स्वतः करायची.

जोडीला तिनं शाळेचं काम धरलं. सकाळी वर्ग झाडायचे, रांजण भरायचा, शनिवारी जमीन सारवायची. कुणब्याच्या बाईनं असली कामं करावीत का, म्हणून भावकीनं नाकं मुरडली. तिनं चारचौघांत सुनावलं, "शाळा झाडायले मी. तुमचं दार न्हाई झाडायले."

शाळेचे मास्तर आसाराम. जवळच्याच वस्तीवरचे, शेतकऱ्याच्या घरातले. पण सगळं शिक्षण उर्दूत झालेलं. त्या राज्यात उर्दू येणं म्हणजे हातात तलवार असल्यासारखं होतं. राज्य गेलं आणि त्या तलवारीचा विळाही होईना. तपासणीला येणारे नवे साहेब त्यांची मराठी ऐकून गालात हसायचे. मास्तर खाली मान घालून उभे राहायचे आणि साहेब गेले की वर्गावर डाफरायचे. निजाम हटवणाऱ्या पोलीस ॲक्शननंतर जुन्या शाळेतली उर्दू पुस्तकं ओसरीवर ढीग करून टाकली होती, पावसात भिजत. त्यातलं एक जाडजूड पुस्तक मास्तरांनी धोतराच्या सोग्यात गुंडाळून घरी नेलं. त्यात चीनच्या बादशहांचा इतिहास होता.

हे पुस्तक मास्तर शनिवारी काढायचे. सकाळची शाळा, शेवटचा तास. उर्दू वाचायचे मनात आणि सांगायचे आपल्या घरच्या मराठीत. आणि त्या वेळी त्यांची मराठी कोणाला हसू येईल अशी राहायची नाही. बाहेर ओट्यावर धुरपदाबाई शेणाचा पोतेरा फिरवत असायची. एकाच जागी चार-चार वेळा.

एका शनिवारी मास्तरांनी पहिल्या मोठ्या बादशहाच्या मरणाची गोष्ट काढली.

"मुलूक बघायला निघाला आन् वाटंतच मेला. राजधानी लांब. बातमी फुटली तर बंड होणार. मग वजीर आन् झाओ गाओ नावाचा जनानखान्यावरचा एक खोजा, दोघांनी ठरवलं, मेलाच न्हाई म्हणायचं! गाडीचे पडदे पाडले. रोज आत ताट जायचं. आतून हुकूम बाहेर यायचे. पर उन्हाळ्याचे दिवस. प्रेताचा वास सुटला. मग काय केलं? मागं खारवलेल्या मासळीच्या गाड्या जोडल्या. वास कशाचा, तर मासळीचा!"

पोरांनी नाकं धरली. मास्तर पुढं सांगायला लागले. बादशहानं मरताना थोरल्या लेकाला, फूसूला, पत्र लिहिलं होतं की ये आणि माझं मागचं कर. हा फूसू तोंडावर खरं बोलणारा. विद्वानांना मारू नका म्हणून पुस्तकं जाळणाऱ्या बापाला बोलला, म्हणून बापानं त्याला लांब सरहद्दीवर धाडलेलं. खोज्यानं ते पत्र दाबलं आणि बादशहाच्या शिक्क्याचं दुसरं फर्मान पाठवलं. तू नालायक निघालास, तलवार पाठवली आहे, जीव दे.

"आन् त्यानं इचारलं न्हाई?" बाहेरून आवाज आला.

सगळा वर्ग मागं वळला. धुरपदाबाई शेणाचे हात घेऊन दारात उभी होती. मास्तर तिला रागावतील असं पोरांना वाटलं, पण तसं झालं नाही.

"त्याच्या सेनापतीनं सांगितलं की वो बाई. म्हणाला, आधी चौकशी करा, कागद खरा का खोटा बगा. पर फूसू म्हणाला, बापानं मर म्हणल्यावर लेकानं काय इचारायचं? आन् तलवार चालवून घेतली."

"येडं कुठलं!" धुरपदाबाई ओरडली. "कागद आला म्हणून मरतंय व्हय कोणी?"

वर्ग हसला. तिला मात्र हसू आलं नाही. तीन दिवस ती त्या पोरावर जळफळत होती. पाणी शेंदताना, भाकरी थापताना एकटीच पुटपुटायची. शेजारणींना वाटलं, भावकीत काही झालं असेल.

पुढच्या शनिवारी खोज्याची उरलेली गोष्ट आली. धाकट्या लेकाला गादीवर बसवून झाओ गाओ स्वतःच राज्य करायला लागला. आपल्या बाजूनं कोण आणि विरुद्ध कोण हे ताडायला त्यानं एक दिवस भर दरबारात हरीण आणलं आणि म्हणाला, "सरकार, हा घोडा." बादशहा हसला, म्हणाला, "अहो, हे तर हरीण." दरबाऱ्यांना विचारलं. काही गप्प बसले, काहींनी घोडाच आहे म्हणून माना डोलावल्या. ज्यांनी हरीण म्हटलं त्यांचा खोज्यानं पुढं एकेक करून काटा काढला.

त्या दिवशी धुरपदाबाई दारात आली नाही. शाळा सुटल्यावर मास्तरांच्या हातावर पाणी घालताना म्हणाली, "मास्तर, त्या गावजीपक्षा मला त्या माना डोलावणाऱ्यांचा लय राग यायलाय." झाओ गाओचं तिनं गावजी करून टाकलं होतं. "खोटं बोलणारा एकच असतंय. त्याला खांदा देणारे दहा असतात."

मास्तर म्हणाले, "खरं हाय, बाई."

बायका नाहीत का तुमच्या चीनात, असं एकदा तिनं विचारलं. तेव्हा मास्तरांनी एका सम्राज्ञीची गोष्ट सांगितली. जनानखान्यातली साधी बाई बादशहाच्या गादीवर चढली आणि तिनं राजवाड्यासमोर तांब्याची पेटी ठेवली. गाऱ्हाणं असेल त्यानं लिहून पेटीत टाकावं. मधल्या अंमलदाराच्या हाती द्यायची गरज नाही.

"लय चांगलं केलं," धुरपदाबाई म्हणाली.

"चांगलं केलं खरं. पर त्याच पेटीत चुगल्याबी पडायच्या. कोण कोणाचं नाव टाकंल त्याचा नेम नव्हता."

"पडंनात का. पेटी तर व्हती!"

अशी दोन वर्षं गेली. चीनचा दरबार धुरपदाबाईला भावकीसारखा तोंडपाठ झाला.

छप्पन्न सालच्या ज्येष्ठात पेरणीच्या तोंडावर व्यंकटरावांचा गडी रानात आला आणि तिच्या तिफणीसमोर आडवा झाला. मालकांनी सांगितलंय, तिफण मागं घे. हे रान भुजंगानं तीन वर्षांमागंच राजीनामा लिहून मालकाला परत दिलंय.

व्यंकटराव देशमुख म्हणजे कोण, हे इथं सांगायला हवं. ॲक्शनच्या आधी त्यांच्या डोक्यावर लाल तुर्की टोपी असायची. ॲक्शन झाली आणि आठवड्याच्या आत टोपी पांढरी झाली. गावानं ती बदललेली पाहिली, आणि जणू पहिल्यापासून पांढरीच होती असा रामराम घातला. शाळेच्या कमिटीचे अध्यक्ष तेच. माणूस कधी आवाज चढवायचा नाही. हळू बोलायचा, हसून बोलायचा. धुरपदाबाई वाड्यावर गेली तेव्हा त्यांनी तिला ओट्यावर बसायला सांगितलं, पाणी मागवलं आणि राजीनाम्याची नक्कल हातात ठेवली.

"धुरपदा, तुझा काही दोष न्हाई. भुजंगानं तुला सांगितलं नसंल. माणसं बायकांना समदं कुठं सांगतात?"

ती पाणी प्यायली नाही. कागद घेऊन ती तडक शाळेत आली.

"वाचा, मास्तर."

मास्तरांनी वाचला. त्रेपन्न साल. मी भुजंग लिंबाजी, राजीखुशीनं रानाचा ताबा मालकास देत आहे. खाली अंगठ्याचा ठसा. साक्षीदार म्हणून शेजारच्या रानातल्या सटवाजीचा अंगठा, आणि आणखी एक सही.

"अंगठा?" धुरपदाबाई म्हणाली. "मास्तर, अंगठा?"

मास्तर कागदाकडंच बघत राहिले. एक्कावन्न साली त्यांनी गावात प्रौढांचा वर्ग भरवला होता. दिवस मावळायच्या आत, देवळासमोर. भुजंग रोज यायचा. दीड महिना घासून तो आपलं नाव लिहायला शिकला. त्याचा 'भु' आडवा व्हायचा आणि 'ग'ची काठी ओळीबाहेर जायची, पण त्या दिवसापासून त्यानं अंगठ्याला शाई लागू दिली नाही. सोसायटीत असो की टपालाला, ठशाची डबी पुढं आली की तो म्हणायचा, "कलम द्या. मला येतंय." गावानं त्याची चेष्टा केली. तो खुशाल चेष्टा करून घ्यायचा.

"तुमीच शिकवलं त्याला. रोजच्या हजेरीला रजिस्टरात सही करून घेत व्हते तुमी. तेवढं कचेरीत सांगा."

"बघू," मास्तर म्हणाले.

"बघू काय? कागद खोटा हाय!"

"हळू बोल, बाई. कमिटीचे अध्यक्ष हायत ते."

त्या 'हळू बोल'मध्येच सगळं आलं होतं. पण तेव्हा तिला ते कळलं नाही. कळलं ते भाद्रपदात, तालुक्याच्या कचेरीत.

तारखेच्या दिवशी ती पहाटेच निघाली आणि दहा वाजता कचेरीच्या दारात हजर होती. व्यंकटराव टांग्यातून आले. आधी सटवाजीला बोलावलं. त्याचं आणि भुजंगाचं रान बांधाला बांध. दोघांनी वीस वर्षं एकमेकांच्या पेरण्या केल्या होत्या, एका मोटेचं पाणी वाटून घेतलं होतं. सटवाजी जमिनीकडं बघून म्हणाला, "व्हय साहेब. भुजंगानं माझ्यासमोर अंगठा दिला." दुसऱ्या साक्षीदारानं तेच सांगितलं, अगदी त्याच शब्दांत.

मग तहसीलदारांनी धुरपदाबाईचा साक्षीदार पुकारला. आसाराम मास्तर.

"मास्तर, मयत भुजंग लिंबाजीला सही करता येत होती, असं या बाईचं म्हणणं आहे. तुम्ही शिकवलं त्याला?"

मास्तरांनी व्यंकटरावांकडं बघितलं. "वर्गाला बरेच लोक यायचे, साहेब. कोण शिकला, कोण न्हाई... नक्की आठवत न्हाई."

"काही रजिस्टर?"

"व्हतं. वाळवीनं खाल्लं, साहेब."

धुरपदाबाईच्या अंगाची लाही झाली. बोलायचं होतं ते सगळं घशात एकदम आलं आणि भलतंच बाहेर पडलं.

"हरीण हाय ते, साहेब! हरीण! हे समदे घोडा म्हणायलेत!"

तहसीलदारांनी मान वर केली. "काय म्हणते ही बाई?"

"खोटं फर्मान हाय! त्या गावजीनं काढलं तसं! कागद बगा, साहेब, बादशहा मेला व्हता आन् ह्यांनी मासळीच्या गाड्या..."

कारकून हसला. दारातला शिपाई हसला. व्यंकटराव तेवढे हसले नाहीत. ते दुःखी चेहऱ्यानं पुढं झाले आणि हळूच म्हणाले, "नवरा गेल्यापासून तिच्या डोक्यावर परिणाम झालाय, साहेब. आम्हीच गावात सांभाळून घेतो."

कागद आणि तीन साक्षी समोर होत्या, आणि त्यांत एक तर तिच्याच साक्षीदाराची. तहसीलदारांनी राजीनामा ग्राह्य धरला.

परतीच्या वाटेवर ती एकटीच चालली. व्यंकटरावांचा टांगा तिला धूळ घालून पुढं गेला. मागच्या बाजूला सटवाजी बसला होता, आणि त्याच्या शेजारी मास्तर. अर्धी वाट संपल्यावर तिच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. रजिस्टर! चारच दिवसांमागं शाळेचं कपाट उघडून तिनं धूळ पुसली होती. सगळ्यात खालच्या फळीवर, देवळासमोर भुजंगाच्या पुढ्यात यायचं तेच निळ्या पुठ्ठ्याचं रजिस्टर तिनं स्वतःच्या पदरानं पुसलं होतं. वाळवीचं एक भोकसुद्धा नव्हतं त्याला. हे तिथं सांगायचं होतं आणि ती हरीण-हरीण करत बसली. तिनं वाटेत थांबून स्वतःच्याच तोंडावर दोन चापट्या मारून घेतल्या.

शनिवारी ती शाळा झाडायला गेली नाही. शेवटच्या तासाला गेली. मास्तर पुस्तक उघडून बसले होते. ती सरळ आत शिरली. दोन वर्षांत पहिल्यांदा तिनं उंबरा ओलांडला होता तो हातात केरसुणी नसताना.

"सांगा की! सांगा मास्तर, आज कोणता बादशहा? पुस्तकं जाळणाऱ्याची सांगा. लय शिव्या दिल्या तुमी त्याला. त्यानं जाळली तरी उजेडात जाळली. तुमी वाळवीचं नाव सांगून जाळलं!"

"धुरपदाबाई, पोरं हायत. बाहेर चल."

"पोरांसमोरच सांगा! पोरांनाच शिकवायलाव की तुमी, खोजा कसा वाईट अन् दरबारी कसे भ्याड! ते रजिस्टर कपाटात हाय. मी पुसलंय."

मास्तर उठले. त्यांचाही चेहरा लाल झाला. "तुला काय मालूम गं? तुला काय जातंय बोलायला? माझी बदली करतील. पार तिकडं कुठं टाकतील. आंधळी म्हातारी घरात हाय माझी, तिला कोण बघंल? तू? अगोदरच साहेब लोक म्हणतेत, हा निजामाचा शिल्लक माल हाय. एक बोट दाखवलं का मी गेलो!"

"मग हे सांगता कामून?" तिनं पुस्तकावर हात आपटला. "दोन वर्षं सांगितलं! मी खरं धरलं ना वो मास्तर! मला वाटलं, ज्याला एवढं कळतंय त्यो माणूस उभा ऱ्हाईल. उगं सांगता व्हय? शनिवारचा वेळ जाईना म्हणून?"

मास्तरांनी करदोट्याला बांधलेली किल्ली सोडली. कुलूप दोनदा उघडता उघडेना. खाली बसून त्यांनी रजिस्टर काढलं आणि तिच्याकडं न बघता पुढं केलं.

"माझं नाव सांगू नको," ते म्हणाले.

"तुमचं नाव पहिल्याच पानावर असंल. तुमच्याच हातचं."

त्या दिवसापासून तिनं शाळेचं काम सोडलं.

परभणीला ती आयुष्यात दुसऱ्यांदा गेली. बोरीपर्यंत चालत, पुढं मोटारीनं. रजिस्टर लुगड्याच्या घडीत बांधून पोटाशी धरलेलं. मोठ्या कचेरीसमोर उतरल्यावर तिनं आधी दाराशी पेटी आहे का ते बघितलं. तशी पेटी काही नव्हती. लिंबाखाली अर्ज लिहिणारे बसले होते. त्यातल्या एका म्हाताऱ्यापुढं ती बसली आणि या वेळी तिनं चीनचं नावसुद्धा काढलं नाही. घोकून आली होती. नवरा कधी सही शिकला, कागद कोणत्या सालचा, सही कुठं-कुठं केलेली आहे. म्हातारा लिहीत गेला. मधेच थांबून म्हणाला, "बाई, तुम्ही वकिलाकडं ऱ्हायल्या होत्या का?"

"न्हाई. शाळा झाडत व्हते."

तारखा पडत गेल्या. मधे हैदराबाद राज्य मोडलं, गाव मुंबई राज्यात गेलं, कचेरीवरच्या पाट्या बदलल्या, एक साहेब जाऊन दुसरे आले. प्रत्येक नव्या साहेबापुढं तिला पहिल्यापासून सांगावं लागलं. गावात लोक तिला 'चिनीबाई' म्हणायला लागले. व्यंकटरावांनी ओढ्याकाठचं रान स्वतः पेरलं. ती रोज बांधावरून जायची आणि दुसऱ्याच्या हातानं वाढलेलं पीक बघायची. तिचा राग निवेल असं भावकीला वाटत होतं. तो कढत राहिला.

अठ्ठावन्न साली डिप्टी कलेक्टरांनी मास्तरांना समन्स काढलं. मास्तर आले. वाळले होते. समोर रजिस्टर उघडलं होतं. पानापानावर आडवा 'भु' आणि ओळीबाहेर गेलेली काठी.

"ही सही कोणाची?"

"भुजंग लिंबाजीची. माझ्यासमोर करायचा."

"तालुक्याला तुम्ही वेगळं सांगितलंत."

"तवा खोटं बोललो, साहेब." आणि मग, कोणी विचारलं नसताना, "भ्यालो व्हतो."

साहेबांनी आणखी एक काम केलं. कूळ कायद्याच्या पहिल्या यादीच्या वेळी भुजंग अजून सही शिकला नव्हता. त्या कागदावर त्याचा अंगठा होता. तो ठसा आणि राजीनाम्यावरचा ठसा असे दोन्ही तपासायला पाठवले. तीन महिन्यांनी उत्तर आलं. ठसे दोन वेगवेगळ्या माणसांचे. राजीनामा खोटा. रानाचा ताबा भुजंगाच्या वारसाला परत.

हुकूम वाचून दाखवणाऱ्या कारकुनाला वाटलं, बाई आता रडेल, पाया पडेल. ती म्हणाली, "मग त्यो अंगठा कोणाचा?"

ते कोणाला ठाऊक नव्हतं, आणि हुकमात त्याला जागाही नव्हती. व्यंकटरावांना त्याबद्दल काही झालं नाही. माझ्यासमोर कोणी तरी कागद आणून दिला, मी विश्वास ठेवला, असं ते म्हणाले आणि तेवढ्यावर भागलं. पुढच्याच महिन्यात शाळेच्या कार्यक्रमात तेच अध्यक्ष होते. धुरपदाबाई मात्र गावात फिरताना माणसांच्या तोंडाकडं बघेनाशी झाली. ती हातांकडं बघायची. पारावर, गिरणीत, आडावर. लोक नकळत मुठी मिटायचे.

मास्तरांची बदली झालीच. देवगाव फाट्याच्या पलीकडं कुठल्या तरी वस्तीवर. गाडीत पेटी, वळकटी आणि आंधळी म्हातारी घेऊन ते निघाले तेव्हा गाडी धुरपदाबाईच्या दारावरून गेली. मास्तरांनी बैल थांबवले. ती दारात डाळ पाखडत होती.

"बाई, जातो. जमलं तर माफ कर." ती पाखडतच राहिली. त्यांनी वळकटीतून ते जाड पुस्तक काढलं. "हे तुझ्याजवळ ठेवून जाऊ का? माझ्यापक्षा तुझंच जास्त हाय."

धुरपदाबाईनं सूप खाली आदळलं.

"मला वाचता येतंय व्हय? भुजंगाला शिकवलं, सटवाजीला शिकवायला बघितलं, निम्म्या गावाला देवळासमोर बसवलं. बायकांचा वर्ग कामून भरवला न्हाई, मास्तर? दोन वर्षं मी तुमच्या दारात शेण घेऊन उभी व्हते. एकदा तरी म्हणले, आत ये, पाटी धर? मला वाचता आलं असतं तर त्यो कागद मीच वाचला असता. मग तुमच्या पाया पडायची येळ कामून आली असती?"

आंधळी म्हातारी गाडीतून म्हणाली, "खरं बोलायली रे ती." मास्तरांनी पुस्तक परत वळकटीत घातलं आणि गाडी हाकली.

एकोणसाठच्या चैत्रात, व्यंकटरावांनी उभी ज्वारी काढून नेल्यावर, तलाठी आला आणि त्यानं चारी कोपऱ्यांवर उभं राहून ताबा दिला. रान तीन वर्षांत नीट नांगरलेलं नव्हतं. हराळी गुडघ्याएवढी. तिच्याकडं बैल नव्हते, आणि व्यंकटरावांना नाराज करून बैल द्यायला कोणी तयार नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी सटवाजी आपली जोडी आणि नांगर घेऊन बांधावर आला.

"वैनी, बैल आणलेत."

ती हराळी खणत होती. मान वर केली नाही.

"वैनी... त्यो अंगठा माझाच व्हता. दोन्हीबी माझेच. भुजंगाच्या जागी एक, साक्षीला एक. डाव्या हाताचा अन् उजव्या हाताचा. मालक म्हणले, न्हाई दिलास तर तुझंबी रान असंच जाईल."

धुरपदाबाई उठली. कुदळ तिच्या हातातच होती. सटवाजी मागं सरकला नाही. कदाचित मारावं असंच त्याला वाटत असेल. ती त्याच्यासमोर येऊन उभी राहिली आणि त्याचे दोन्ही हात तिनं नीट बघितले. नांगर धरून धरून घट्टे पडलेले, नखांत माती. भुजंगाचे हात असेच होते.

"त्याच्या मातीला तू व्हतास," ती म्हणाली. "खांदा दिलास. आन् माझ्यासमोर, त्या साहेबासमोर, मेलेल्याचा अंगठा झालास."

त्यानं कासऱ्यावर मुठी मिटल्या.

तिनं कुदळ टाकली. त्याच्या हातातून कासरा काढून घेतला, बैल जुंपले आणि नांगर धरला. बाईनं नांगर धरू नये म्हणतात. बांधावरून जाणारे थांबले, कोणी तरी "अगं बाई" म्हणालं. तिनं ऐकलं नाही. पहिलं तास ओढताना नांगर दोनदा निसटला, तिसऱ्या वेळेला फाळ जमिनीत बसला. सटवाजी बांधावर उन्हात उभा होता. दुपारी तिनं भाकरी खाल्ली ती एकटीनं, लांब बसून. त्याच्याकडं घागर होती का हेसुद्धा तिनं बघितलं नाही.

तीन दिवस लागले रान मोडायला. तिसऱ्या दिवशी तिन्हीसांजेला तिनं बैल सटवाजीच्या दारात नेले, खुंट्याला बांधले, पाणी दाखवलं, कडबा टाकला. त्याची बायको म्हणाली, "बस की गं धुरपदा, चहा टाकते."

"बैलांच्या खांद्याला तेल लाव," धुरपदाबाई म्हणाली, "सोललेत," आणि घराकडं निघाली.